थोरल्याची सुटलेली शाळा

गरीब घरात दोन भाऊ एकत्र वाढतात, तेव्हा त्यांच्यात माया असते, हेवा असतो, रोजची भांडणे असतात. या सगळ्याच्या तळाशी मात्र वाटणी असते. घरात जे थोडे आहे ते दोघांत वाटायचे असते: दूध, अंथरूण, चप्पल, सायकल, वह्या. या वस्तू कमी-जास्त करून वाटता येतात. चप्पल एकाच्या पायाला लहान झाली की दुसऱ्याला होते, सायकल एक दिवसाआड वापरता येते. शाळेची अशी वाटणी होत नाही. दोघांपैकी एकालाच पुढे शिकवता येईल अशी वेळ आली की बहुतेक घरांत थोरल्याची शाळा सुटते आणि धाकट्याची चालू राहते. त्या वेळी थोरला तेरा-चौदा वर्षांचा असतो, धाकटा नऊ-दहाचा. भावांच्या नात्याला पुढे जो आकार येतो, तो बहुधा या वयात घेतलेल्या आणि पुष्कळदा कोणी उघडपणे न घेतलेल्या निर्णयातून येतो.

हा निर्णय घडतो कसा, हे समजून घ्यायला नागपुरातले कळमना चांगले ठिकाण आहे. शहराच्या ईशान्येकडच्या या भागात नागपूर कृषी उत्पन्न बाजार समितीचे पंडित जवाहरलाल नेहरू मार्केट यार्ड आहे. धान्य, संत्री, लाल मिरची, कांदे-बटाटे, भाजीपाला आणि फळे यांचे वेगवेगळे बाजार एकाच आवारात भरतात. जवळच हावड्याकडे जाणाऱ्या लोहमार्गावरचे कळमना स्थानक आहे. भोवती पारडी, भरतवाडा, पुनापूर, चिखली अशा वस्त्या आहेत. भंडारा आणि गोंदियातून, सीमेपलीकडच्या बालाघाटातून आणि छत्तीसगडातून कामाच्या शोधात आलेली कुटुंबे या भागात पिढ्यान्‌पिढ्या स्थिरावली आहेत. एकाच गल्लीत मराठी, हिंदी आणि छत्तीसगढी ऐकू येते. थोरल्या भावाला कोणी दादा म्हणते, कोणी भाऊ, कोणी भैया. घरातली त्याची जागा तिन्ही भाषांत सारखीच असते.

बाजारातले काम पोत्यांच्या हिशोबाने चालते. शेतकऱ्याचा माल गाडीतून उतरवणे, ढीग लावणे, लिलावानंतर मापून पोती भरणे, शिवणे, थप्पी मारणे आणि व्यापाऱ्याच्या गाडीत चढवणे ही हमालांची आणि मापाऱ्यांची कामे. १९६३च्या कृषी उत्पन्न पणन कायद्याप्रमाणे हमाल, मापारी, अडत्या या सर्वांना बाजार समितीचा परवाना लागतो, आणि हमालीचे दर ठरवून दिलेले असतात. १९६९च्या माथाडी कायद्याने अंगमेहनतीच्या कामगारांसाठी मंडळे स्थापन झाली, भविष्य निर्वाह निधी आणि सानुग्रह रकमेची सोय झाली. महाराष्ट्राने हा कायदा केला तेव्हा देशात त्याला जोड नव्हती, आणि हमालांच्या असंख्य घरांना त्याचा आधार मिळाला ही गोष्ट पुन्हा पुन्हा सांगण्यासारखी आहे. तरीही मंडळात नोंद नसलेले, बदलीवर येणारे, रोजाने बोलावले जाणारे मजूर प्रत्येक बाजारात असतातच. त्यांच्या घरात मिळकत पाठीवर अवलंबून असते. पोते उचलले तर पैसे. मणक्यात चमक भरली, गुडघा धरला किंवा ताप आला की त्या दिवसापासून चूल उधारीवर चालते. थोरल्या मुलाच्या शाळेवर पहिला घाव असल्याच दिवसांत पडतो.

सुरुवात हमालीने होत नाही. चौदा वर्षांच्या मुलाच्या पाठीवर ५० किलोंचे पोते कोणी देत नाही, आणि परवानाही मिळत नाही. मुलगा कडेकडेने आत शिरतो. सुटीच्या दिवशी बापाचा डबा पोचवायचा, चहाच्या टपरीवर हात द्यायचा, संत्र्यांची प्रतवारी करायची, पेट्यांत पेंढा भरायचा, भाजीच्या गाड्यावर पहाटे बसायचे. आधी रविवार, मग शनिवार-रविवार, मग ‘आज जाऊ दे, उद्या जाशील शाळेत’. आठवड्यातले दोन दिवस बुडाले की गणित सुटते. गणित सुटले की वर्गात बसण्याची लाज वाटते, आणि लाज वाटू लागली की बाजार बरा वाटू लागतो, कारण तिथे मुलाला कोणी नापास करत नाही. मुलाला विचारले तर तो सांगतो, शिकावंसं वाटत नव्हतं. घरचेही तेच सांगतात. शाळा सुटण्याची खरी कारणे या उत्तरामागे दडून जातात.

या कारणांमध्ये एका गोष्टीकडे फारसे लक्ष जात नाही, ती म्हणजे बाजाराचे आणि शाळेचे वेळापत्रक. उन्हाळा कडक असल्याने विदर्भातल्या शाळा उर्वरित महाराष्ट्रापेक्षा उशिरा, जूनच्या शेवटी सुरू होतात. वह्या, दप्तर, बूट, गणवेश, रिक्षा असा सगळा खर्च त्या आठ-पंधरा दिवसांत अंगावर येतो. नेमका हाच काळ धान्य बाजारात मंदीचा असतो. रब्बीचा माल येऊन गेलेला असतो, खरिपाची पेरणी चालू असते, पावसात आवक रोडावते. हमालाच्या हातात वर्षातले सर्वांत कमी पैसे असतात तेव्हाच शाळेचे दार उघडते. ऑक्टोबरपासून चित्र उलटते. सोयाबीन येऊ लागते, आंबिया बहाराची संत्री येतात, हिवाळ्यात लाल मिरचीची आवक वाढते, जानेवारीपासून तूर, फेब्रुवारीपासून मृग बहाराची संत्री, मार्चमध्ये हरभरा आणि पाठोपाठ गहू. बाजारात हातांना सर्वाधिक मागणी असते ते महिने म्हणजे सहामाहीपासून वार्षिक परीक्षेपर्यंतचे शाळेचे महिने. दोन मुलांच्या वह्या घेण्याइतके पैसे जूनमध्ये नसतात, आणि एका मुलाला कामावर पाठवण्याचा मोह मार्चमध्ये सर्वाधिक असतो. या दोन टोकांच्या मध्ये थोरल्याची नववी किंवा दहावी सापडते.

बाजाराआधीही पूर्व नागपुरात हेच घडत होते, फक्त कामे वेगळी होती. १८७७ साली सुरू झालेल्या टाटांच्या एम्प्रेस मिलने शहरात कामगार वस्त्या उभ्या केल्या. बाप गिरणीत, थोरला बदलीवर, धाकटा शाळेत ही घराची रचना त्या काळापासूनची. कोष्टी विणकरांच्या घरात तर माग घरातच असे. थोरला लवकर मागावर बसे आणि धाकटा कांड्या भरे. कांड्या भरून झाल्यावर पाटी घेऊन शाळेत जाणे धाकट्याला जमे, मागावर बसलेल्याला जमत नसे. नागपूरच्या आग्नेयेकडे कुही, मांढळ, भिवापूर या पट्ट्यात मिरचीचे सातरे, म्हणजे मिरच्यांचे देठ खुडण्याची ठिकाणे आहेत. देठ खुडण्याच्या या कामाला बाया जातात, आणि त्यांच्या मागे मुलेही जातात. त्यातही थोरल्या मुलाआधी बहुधा थोरल्या मुलीची शाळा सुटते, कारण आई कामावर गेली की तान्ह्या भावाला सांभाळायला कोणी तरी लागते. दोन भावांची गोष्ट सांगताना या बहिणीचा उल्लेख क्वचितच होतो. धाकट्या भावाच्या शिक्षणाचा पाया पुष्कळदा तिच्या कडेवर घातलेला असतो.

थोरल्याच्याच वाट्याला हे का येते, यावर अभ्यासकांनी बराच विचार केला आहे. साधे कारण वयाचे आहे. घराला पैशांची गरज पडते तेव्हा कमावण्याजोगे हात ज्याला आहेत तो आधी जातो, आणि धाकटा त्या वयाला पोचेपर्यंत थोरल्याच्या कमाईने घर जरा सावरलेले असते. ब्राझीलमधील घरांच्या पाहणीत हाच कल दिसला: पहिल्या मुलाने काम करण्याची शक्यता जास्त, शेवटच्याने शाळेत असण्याची जास्त. भारतात याला एक विचित्र जोड आहे. सीमा जयचंद्रन आणि रोहिणी पांडे या अर्थतज्ज्ञांनी २०१७ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात असे दाखवले की भारतीय मुलांची उंची आफ्रिकेतल्या मुलांच्या तुलनेत कमी पडते ती पहिल्या मुलापासून नव्हे, तर दुसऱ्यापासून, आणि पुढच्या प्रत्येक क्रमाला ही तूट वाढत जाते. याची मुळे त्यांनी थोरल्या मुलाला मिळणाऱ्या झुकत्या मापात शोधली. म्हातारपणी आईबापांना सांभाळायचे आणि अग्नी द्यायचा तो थोरल्याने, म्हणून लहानपणी त्याचे खाणेपिणे, दवाखाना जपला जातो. दोन्ही गोष्टी एकत्र ठेवल्या की गरीब घरातल्या थोरल्याचे आयुष्य नीट दिसते. लहानपणी तो घराचा लाडका असतो आणि चौदाव्या वर्षी त्या लाडाची परतफेड त्याच्याकडून मागितली जाते. धाकट्याच्या पोटाला आधी थोडे कमी येते आणि पुढे पाटी मात्र त्याच्याकडेच राहते. कोणावर जास्त अन्याय झाला हे ठरवणे अवघड आहे, आणि भाऊही आयुष्यभर त्यावर वाद घालत राहतात.

महाराष्ट्राच्या इतिहासात याचे सर्वांत मोठे आणि नोंदवले गेलेले उदाहरण आहे आनंदराव आणि भीमराव या आंबेडकर बंधूंचे. लष्करातून निवृत्त झालेले सुभेदार रामजी सकपाळ आणि भीमाबाई यांना चौदा अपत्ये झाली. त्यांपैकी बाळाराम, आनंदराव, भीमराव हे तीन मुलगे आणि मंजुळा, तुळसा या दोन मुली जगल्या. भीमरावांचा जन्म १४ एप्रिल १८९१ रोजी महू येथे झाला. साताऱ्यात असताना भीमाबाई गेल्या, तेव्हा भीमराव पाच-सहा वर्षांचे होते. रामजींची बहीण मीराबाई यांनी मुलांना सांभाळले, पण त्या स्वतः अपंग होत्या. वडील खटाव तालुक्यात दुष्काळी कामावर खजिनदार म्हणून गेले तेव्हा साताऱ्याच्या घरी भीमराव, त्यांचे थोरले भाऊ आणि मोठ्या बहिणीचे दोन मुलगे अशी चार पोरे उरली. स्वयंपाक ती आपला आपण करत. भाकरी-पोळी जमत नसल्याने तांदूळ आणि मटण एकत्र शिजवून वेळ भागवत, असे बाबासाहेबांनी पुढे लिहिले आहे. ७ नोव्हेंबर १९०० रोजी त्यांचे नाव साताऱ्याच्या सरकारी शाळेत दाखल झाले. तो दिवस आज महाराष्ट्रात विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो. शाळेत बसायला घरून नेलेले गोणपाट, पाणी प्यायचे तर शिपायाने वरून ओतल्यावर. गरिबीवर अस्पृश्यतेचे ओझे होते, आणि या घराची गोष्ट इतर गरीब घरांहून वेगळी ठरते ती इथे.

भावांच्या नात्याच्या दृष्टीने १९०१ सालचा एक प्रवास महत्त्वाचा आहे. ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या आत्मकथनपर लेखनात बाबासाहेबांनी त्याची हकिकत दिली आहे. उन्हाळ्याच्या सुटीत वडिलांना भेटायला ही चार मुले साताऱ्याहून रेल्वेने मसूर स्थानकावर उतरली. वडिलांना पत्र वेळेवर मिळाले नव्हते, त्यामुळे न्यायला कोणी आले नव्हते. मुले महार आहेत हे कळताच स्थानकमास्तरांचा चेहरा बदलला, गाडीवाले गाडी देईनात. अखेर एकजण दुप्पट भाड्यावर तयार झाला, तोही अशा अटीवर की बैल मुलांनी हाकायचे आणि तो बाजूने चालणार. वाटेत पिण्याचे पाणी मिळाले नाही. डबा भरलेला होता, घास उतरत नव्हता. रात्री जकातनाक्याजवळ, टेकडीच्या पायथ्याशी गाडी सोडून मुले पडून राहिली. अंगावर दागिने होते, मनात गाडीवाल्याचीही भीती होती. तेव्हा थोरल्या भावाने ठरवले की चौघांनी एकदम झोपायचे नाही, दोघांनी झोपायचे आणि दोघांनी जागायचे. तशी त्यांनी ती रात्र काढली. त्या थोरल्याचे वयही पोराचेच होते. आई नाही, वडील पोचले नाहीत, मोठी माणसे पाणी देत नाहीत, अशा वेळी घराची जबाबदारी आपोआप त्याच्याकडे आली आणि त्याने ती घेतली. गरीब घरात थोरला भाऊ अर्धा बाप कसा होतो, हे यापेक्षा स्पष्ट सांगणारी नोंद मराठी मुलखात सापडणे कठीण आहे.

पुढे कुटुंब मुंबईला परळच्या चाळीत आले. एकच खोली, त्यातच स्वयंपाक, त्यातच झोपणे, त्यातच अभ्यास. रामजी रात्री उशिरापर्यंत जागे राहत आणि दोनच्या सुमारास भीमरावांना उठवून स्वतः आडवे होत. म्हणजे झोपेची जागाही पाळीपाळीने. दोन्ही मुलांना हायस्कुलात शिकवणे रामजींच्या निवृत्तिवेतनात बसत नव्हते. आनंदरावांची शाळा सुटली, ते नोकरीला लागले. भीमराव एल्फिन्स्टन हायस्कूलमध्ये शिकत राहिले आणि १९०७ साली मॅट्रिक झाले. पुस्तकांना पैसे कमी पडत तेव्हा रामजी लग्न झालेल्या मुलींकडे जात, त्यांचे दागिने गहाण टाकत आणि निवृत्तिवेतन आले की सोडवून आणत. एक मॅट्रिक घडवायला एका भावाची शाळा आणि दोन बहिणींचे दागिने लागले, हे बाबासाहेबांच्या विद्वत्तेबद्दल बोलताना विसरले जाते. वडिलांची कळकळ सर्वांना ठाऊक आहे. आनंदरावांचे नाव मात्र बहुतेकांना माहीत नाही.

आनंदरावांच्या मनात काय होते याची नोंद नाही. त्यांनी काही लिहून ठेवले नाही, आणि असल्या थोरल्यांना लिहून ठेवायची सवडही नसते. ते लवकर वारले. पुढे काय झाले ते मात्र ठाऊक आहे. त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाई आणि मुलगा मुकुंद बाबासाहेबांच्या घरातच राहिले. परळच्या बीआयटी चाळीतल्या दोन खोल्यांमध्ये बाबासाहेबांचा मुलगा यशवंत आणि पुतण्या मुकुंद सख्ख्या भावांसारखे वाढले, नंतर दादरच्या राजगृहातही. धाकट्याने थोरल्याचे देणे थोरल्याला परत केले नाही, करता आले नाही. ते थोरल्याच्या मुलाकडे गेले.

ही परतफेडीची रीत कळमन्याच्या वस्त्यांतही तशीच आहे. शिकलेला धाकटा शिक्षक होतो, पोलिसात लागतो, बँकेत किंवा खाजगी कंपनीत चिकटतो. पहिल्या पगारात थोरल्याला शर्ट-पँटचे कापड आणि वहिनीला साडी येते. पण त्याने हिशोब मिटत नाही, आणि दोघांनाही ते ठाऊक असते. हिशोब मिटवण्याची जागा पुतण्याची फी, पुतणीचे लग्न आणि थोरल्याचे औषधपाणी ही असते. धाकट्याने शहराच्या दुसऱ्या टोकाला फ्लॅट घेतला तरी पुतण्याला दहावीनंतर तिथे ठेवून घेण्याची अपेक्षा असते. ही अपेक्षा पुरी झाली की थोरला चारचौघांत सांगतो, ‘लहान्याने नाव काढलं.’ नाही झाली तर तो काही बोलत नाही, आणि तो अबोला वर्षानुवर्षे टिकतो.

नाते तुटते ते बहुधा याच ठिकाणी. धाकट्याच्या बायकोने थोरल्या दिराच्या मुलांना घरात ठेवायला नकार दिला, असा दोष बायकांवर टाकण्याची पद्धत आहे. ती अन्यायाची आहे. खरी अडचण अशी की थोरल्याने दिलेली वस्तू मोजता येत नाही. एका माणसाने दहावीपासून पुढची आपली सगळी वाट सोडली, तिची किंमत रुपयांत काय धरायची? हिंदू वारसा कायद्यात भावांचे वाटे समान असतात. ज्येष्ठाला अधिक, कमावत्याला अधिक असे काही नाही. वडिलांच्या नावावरचे घर, आणि झोपडपट्टीतले घर असेल तर त्याचा मालकी हक्काचा पट्टा, वाटायला निघतो तेव्हा कायदा समान वाटणी सांगतो आणि थोरल्याला वाटते की आपण पंधरा वर्षे जे घातले त्याचे काय झाले. कायदा त्याची दखल घेऊ शकत नाही. पूर्वी पंच, मामा किंवा आत्या मध्ये पडून थोरल्याला रस्त्याकडची खोली देत. लेखी काही नसे. लोक एका जागी राहत होते तोवर ही व्यवस्था चालली.

सगळ्या जोड्या मात्र थोरल्याच्या त्यागावर उभ्या नसतात. अण्णा भाऊ साठे आणि त्यांचे धाकटे बंधू शंकर यांचे उदाहरण वेगळे आहे. अण्णा भाऊंचा जन्म १ ऑगस्ट १९२० रोजी वाळवा तालुक्यातल्या वाटेगावी मातंग कुटुंबात झाला. शाळा दोघांपैकी कोणाचीच झाली नाही म्हणावी इतकी थोडी झाली. वडील भाऊराव कुटुंबाला घेऊन पायी मुंबईला आले. कोळसा वेचणे, ओझी वाहणे, गिरणीत काम, मिळेल ते करत अण्णा भाऊ दुकानांच्या पाट्या वाचून अक्षरे शिकले. इथे वाटायला शाळाच नव्हती, त्यामुळे एकाने सोडून दुसऱ्याला देण्याचा प्रश्नही आला नाही. थोरला लिहू लागला, शाहीर झाला, अमर शेख आणि गव्हाणकर यांच्यासह लाल बावटा कलापथक उभे राहिले. धाकटे शंकर भाऊ साठे यांनीही लेखणी हाती घेतली, आणि थोरल्याच्या मृत्यूनंतर ‘माझा भाऊ अण्णाभाऊ’ हे पुस्तक लिहिले. अण्णा भाऊंच्या बालपणाबद्दल आज जे सांगितले जाते त्यातले बरेचसे या धाकट्याने सांगितले म्हणून उरले आहे. आनंदरावांना लिहिणारा असा कोणी मिळाला नाही. दोन भावांनी एकच दारिद्र्य पाहिलेले असते, आणि त्याची साक्ष देऊ शकणारा दुसरा माणूस जगात बहुधा तेवढा एकच असतो.

भाऊ असण्याने गरिबीतल्या मुलाला नेमके काय मिळते, याचाही अभ्यास झाला आहे. हवाई बेटांपैकी काउई या बेटावर १९५५ साली जन्मलेल्या सर्व, म्हणजे सुमारे सातशे मुलांचा एमी वर्नर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कित्येक दशके पाठपुरावा केला. दारिद्र्य, घरातले व्यसन, आजारपण अशा संकटांत वाढलेल्या मुलांपैकी एकतृतीयांश मुले पुढे धडधाकट, कर्ती माणसे झाली. त्यांच्या बाबतीत एक गोष्ट वारंवार दिसली. आईबाप कमी पडले तिथे कोणीतरी एक माणूस त्यांच्या पाठीशी ठाम उभा होता, आणि तो माणूस काही वेळा आजी-आजोबा, काही वेळा मोठे भावंड होता. वर्नर यांनी आणखी एक निरीक्षण नोंदवले: धाकट्या भावंडांना सांभाळण्याची जबाबदारी ज्यांच्यावर पडली, त्यांनाही तिचा फायदा झाला. आपली कोणाला तरी गरज आहे, ही जाणीव मुलाला सावरते. मात्र जबाबदारी झेपेल इतकीच असावी लागते. धाकट्याला शाळेत पोचवणे आणि धाकट्याच्या शाळेसाठी स्वतःची सोडणे यांत फार मोठे अंतर आहे, आणि थोरल्याच्या त्यागाचे गोडवे गाणाऱ्यांनी ते अंतर पुसू नये.

गेल्या काही दशकांत सरकारने या वाटणीत हात घातला आहे. १ एप्रिल २०१० पासून शिक्षण हक्क कायदा लागू झाला आणि सहा ते चौदा वर्षांच्या प्रत्येक मुलाला मोफत शिक्षण मिळू लागले. पाठ्यपुस्तके आणि शाळेतला दुपारचा आहार यांमुळे आठवीपर्यंत दोन्ही भाऊ शाळेत राहणे शक्य झाले, ही मोठी गोष्ट आहे. बालमजुरीच्या कायद्यात २०१६ साली दुरुस्ती होऊन चौदा वर्षांखालच्या मुलांना कामावर ठेवण्यास सरसकट बंदी आली. पण शाळेच्या वेळेनंतर आणि सुटीत घरच्या धंद्यात मदत करण्याची मुभा त्यात ठेवली आहे. भाजीचा गाडा घरचाच असतो, चहाची टपरी काकाची असते. सूट नेमकी त्याच दारातून येते जिथून थोरला पूर्वीपासून आत शिरत आला आहे.

या कायद्यांचा एक परिणाम मात्र कोणी योजलेला नव्हता. शिक्षण हक्क कायद्याने खाजगी विनाअनुदानित शाळांच्या प्रवेशवर्गात २५ टक्के जागा वंचित आणि दुर्बल घटकांतल्या मुलांसाठी राखून ठेवल्या आहेत. महाराष्ट्रात त्यांचे वाटप ऑनलाइन अर्ज घेऊन सोडतीने होते. सोडत मुलाची असते, घराची नसते. धाकट्याचा नंबर लागतो, थोरला प्रवेशाचे वय उलटून गेल्याने किंवा नंबर न लागल्याने महापालिकेच्या मराठी वा हिंदी शाळेत राहतो. एक भाऊ टाय लावून इंग्रजी शाळेच्या गाडीत बसतो आणि दुसरा पायी जातो. गृहपाठाला थोरला मदत करू शकत नाही, कारण धाकट्याचे पुस्तक त्याला वाचता येत नाही. शिकवणारा दादा ही थोरल्याची जुनी जागा होती. ती गेल्यावर त्याच्याकडे फक्त कमावणारा दादा उरतो. आईबापांना या सोडतीचा आनंद झाल्याशिवाय राहत नाही, आणि तो रास्तच आहे. पण थोरल्या भावंडाला त्याच शाळेत, त्याच सवलतीत घेण्याची तरतूद झाली तर हे अंतर बरेच कमी होईल.

दुसरी मोठी भेग आठवीनंतरची आहे. मोफत शिक्षणाचा हक्क चौदाव्या वर्षी संपतो, आणि हमालाच्या घरात थोरल्याची कमाई सुरू व्हायचे वय तिथेच सुरू होते. सामाजिक न्याय विभागाची वसतिगृहे, अनुसूचित जातींच्या विद्यार्थ्यांसाठी असलेली स्वाधार योजना, वेगवेगळ्या शिष्यवृत्त्या यांचा बहुतांश लाभ दहावीनंतर मिळतो. दहावीपर्यंत जो पोचला नाही त्याला त्यांचा उपयोग नाही. नववी आणि दहावी या दोन वर्षांत थोरल्याच्या हाती महिन्याला काही ठरावीक रक्कम पडली, तीही जूनमध्ये वेळेवर, तर पुष्कळ घरांतला निर्णय बदलेल.

ज्यांची शाळा आधीच सुटली आहे त्यांच्यासाठी परतीच्या वाटा आहेत. दिवसा काम करणाऱ्यांना रात्री शिकवण्याची कल्पना महाराष्ट्रात जुनी आहे. जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी १८५५ साली मजूर-शेतकऱ्यांसाठी रात्रीची शाळा काढली होती. मुंबईत रात्रशाळांची परंपरा टिकली, विदर्भात ती तितकी रुजली नाही. इथल्या तरुणांना जास्त ओळखीची आहे ती राज्य मंडळाची खाजगी विद्यार्थ्यांसाठीची सोय, म्हणजे ‘सतरा नंबरचा फॉर्म’. शाळा सोडल्याचा दाखला जोडून, नोंदणी करून थेट दहावीच्या परीक्षेला बसता येते. पुढे यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठातून पदवीपर्यंत जाता येते. धाकटा अकरावीला पोचला की तोच दादाचा सतरा नंबरचा फॉर्म ऑनलाइन भरतो, फोटो चढवतो, पावती काढून आणतो आणि संध्याकाळी बीजगणित समजावून देतो. अडचण पुन्हा वेळापत्रकाची येते. नोंदणी पावसाळ्याच्या सुमारास, हात रिकामे असताना होते, पण परीक्षा फेब्रुवारी-मार्चमध्ये असते, आणि त्या वेळी कळमन्यात तूर, हरभरा, मिरची आणि संत्री एकाच वेळी उतरत असतात. परीक्षेच्या दिवसांत दादाच्या जागी बदलीवर कोणी जायचे, हे घरात बसून आधी ठरवावे लागते, आणि बहुतेक वेळा बदलीवर जातो तो धाकटाच.